गावात सगळ्यांना सोनंच का पडत नाही?

वाचकाचं पत्र, थोडक्यात : मी एक अद्भुत कादंबरी लिहितो आहे. गावातल्या माणसांना रात्री स्वप्नात जे दिसतं ते सकाळी उशाशी खरीखुरी वस्तू होऊन पडलेलं असतं आणि वापरता येतं. सत्तर पानं झाली. पहिल्या प्रकरणात मी या दुनियेचे चौदा नियम दिले आहेत. मित्राला वाचायला दिली, तर तो दोनच गोष्टी म्हणाला. एक, पहिलं प्रकरण सोसायटीच्या उपविधींसारखं आहे. दोन, मग सगळे सोन्याचीच स्वप्नं का बघत नाहीत? म्हणून मी 'सोनं चालत नाही' असा पंधरावा नियम केला, पण तो माझा मलाच पटत नाही. 'स्वप्नवस्तू' हा शब्दही विज्ञान प्रदर्शनातला वाटतो. नायिकेच्या आजीला वस्तू मिळतात, गावचा सावकार त्या गहाण ठेवून घेतो, आणि शेवटी नायिका एक मोठं स्वप्न बघून गावावर आलेला पूर थांबवते. हा शेवटही पोकळ वाटतो. काय करू?

उत्तर :

मित्राला एकदा जेवायला घाला. त्याचा दुसरा प्रश्न म्हणजे तुमची कादंबरी आहे, आणि तुम्ही तो पंधराव्या नियमाखाली गाडायला निघाला आहात. सोनं चालत नाही म्हटलं की वाचक विचारणार, चांदी चालते का? मग सोळावा नियम. ठिगळाला ठिगळ लागत जातं.

चौदापैकी एकही ठेवू नका. त्यांच्या जागी दोन घ्या, आणि ते मनाने रचू नका. झोपेचा आणि स्वप्नाचा जो खरा स्वभाव आहे त्यातून उचला. पहिला : पहाटेपर्यंत झोपेल त्यालाच पडतं. दुसरा : हाताला जेवढं ठाऊक, तेवढंच पडतं. बाकी सगळं, सोन्याच्या प्रश्नासकट, यातून आपोआप येतं.

आधी पहिला. झोप रात्रभर एकसारखी नसते. साधारण नव्वद मिनिटांचं एक आवर्तन, अशी रात्रीत चार-पाच होतात. प्रत्येक आवर्तनाच्या शेवटाकडे मिटल्या पापण्यांखाली डोळे भराभर हलतात. शिकागो विद्यापीठात असेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी १९५३ मध्ये याची नोंद प्रसिद्ध केली. ठसठशीत, गोष्टीसारखी स्वप्नं बहुतेक याच टप्प्यात पडतात. दहाला पाठ टेकली तर पहिला टप्पा साडेअकराच्या सुमाराला येतो आणि पाच-दहा मिनिटांत आटोपतो. पुढे तो लांबत जातो. पहाटेचा अर्धा तासही चालतो. आठ तासांच्या झोपेत हे सगळं मिळून दीड ते दोन तास भरतं आणि त्यातला मोठा वाटा शेवटच्या दोन-तीन तासांत असतो. 'पहाटेचं स्वप्न खरं होतं' ही समजूत तुमच्या गावात आयतीच आहे. तिला नियम करा. कुणाला समजावून सांगावंही लागणार नाही.

आता गावाकडे बघा. पहाटेपर्यंत झोपतं कोण? जागल्या रात्रभर गस्त घालतो. ज्याची पाटाच्या पाण्याची पाळी रात्री दोनला येते तो खांद्यावर फावडं टाकून शेतात उभा असतो. ऊसतोडीची जोडपी झुंजुरकाच फडात शिरतात. आणि घरातली सून? जात्यावरच्या ओव्या पहाटेच्या का असतात याचा विचार करा. दिवस उगवायच्या आत दळण संपलं पाहिजे, म्हणून ती चारला उठलेली असते. म्हणजे घरात ज्या बाईला वस्तूची सगळ्यात जास्त गरज, तिला जन्मात काही पडत नाही.

सोन्याचा प्रश्न इथे निम्मा सुटतो. कुणाला काय पडतं हा प्रश्नच मागे जातो. कुणाला झोपू दिलं जातं हा पुढे येतो. सावकाराला उजाडेपर्यंत उठवायची कुणाची छाती नसते. तो श्रीमंत आहे म्हणून झोपतो आणि झोपतो म्हणून श्रीमंत होतो.

तुमच्या आजीचंही इथेच काहीतरी सापडेल. तिला वस्तू कधीपासून पडायला लागल्या? तुम्ही लिहिलंय की 'दैवी देणगी होती'. ते काढा. सून घरात आली, तिने जात्याचा खुंटा धरला, त्या दिवसापासून पडायला लागल्या. आजीचं देणं नायिकेच्या आईच्या झोपेतून आलं आहे. घरात हे सगळ्यांना माहीत आहे आणि कुणी बोलत नाही. चौदा नियमांत नसलेली गोष्ट एवढ्यात आली की नाही?

पहिल्या नियमाचे आणखी धागे हवे तेवढे आहेत, पण तीन-चारच वापरा. म्हाताऱ्या माणसाची झोप तुटक असते, रात्रीत दोन-तीनदा उठणं असतं. आजीच्या वस्तू तुकड्यातुकड्यांनी पडू द्या, आज घागरीचा काठ, परवा बूड. दारू झोपेच्या पहिल्या अर्ध्यात स्वप्नाचा टप्पा दाबून टाकते. रोज पिणाऱ्याच्या उशाशी फारसं काही नसतं, आणि ज्या दिवशी तो सोडतो त्यानंतरच्या रात्री स्वप्नांचा पूर येतो, तोही बहुतेक भयाण. कोजागरीपासून कार्तिकी पौर्णिमेपर्यंत देवळात काकडा चालतो. तो महिनाभर निम्मं गाव पहाटे उठलेलं, म्हणजे बाजारात टंचाई. सावकार माल दाबून बसायचा तो याच महिन्यात. तान्ह्या बाळाची झोप दिवसाला सोळा-सतरा तास आणि त्यातली जवळपास निम्मी या टप्प्याची. त्याला काय दिसतं कुणास ठाऊक, पण पाळण्यात रोज काहीतरी पडणार हे नक्की : आकार नसलेलं, कोमट, दुधाच्या वासाचं. त्याचं काय करायचं हे गावाने ठरवलेलं असेल. आम्ही असतो तर ते विकायला काढणारं एक तरी घर दाखवलं असतं.

एक टाळा. झोपेतच आपण स्वप्नात आहोत याची जाणीव ठेवता येते, हे १९७५ मध्ये इंग्लंडमध्ये कीथ हर्न यांनी झोपलेल्या माणसाच्या ठरवून केलेल्या डोळ्यांच्या खुणांवरून नोंदवलं आहे, आणि सरावाने काहींना स्वप्न हवं तसं वळवणंही जमतं. कादंबरीत ते फुकट जमू दिलंत तर तुमचा डाव दहा पानांत संपेल. जाणीव आली की झोप पातळ होते आणि वस्तू अर्धीच पडते, एवढं पुरे.

दुसरा नियम जास्त मजेचा आहे. तो लिहिण्याआधी एक करून बघा. घरातल्या चार जणांना कागद द्या आणि सायकल न बघता सायकल काढायला सांगा. जन्मभर सायकल बघितलेली माणसं साखळी दोन्ही चाकांना गुंडाळतात, किंवा दोन चाकांच्या मधोमध सरळ दांडी ठोकून देतात. मग हँडल वळणार कसं? डोक्यात सायकल नसतेच, सायकलीची ओळख असते. स्वप्न याच ओळखीवर चालतं. म्हणून तुमच्या गावात घड्याळ पडलं तर तबकडी असेल, काटे असतील, आत पोकळ. घड्याळजीला पडलं तरच चालेल.

कुलूप घ्या. आजीला कपाटाचं पितळी कुलूप पडतं. हातात घेतलं तर वजन अगदी बरोबर, कारण ते तिने पन्नास वर्षं उचललंय. कडीच्या आतल्या बाजूला घासून गुळगुळीत झालेली जागा आहे, तीही बरोबर. किल्लीचं भोक मात्र नखभर खोल गेलं की बुजतं. सोबत किल्ली आहे, पण तिचे दाते दर वेळी बघावेत तर वेगळे, कारण आजीने दाते कधी पाहिलेच नाहीत. तिची बोटं किल्ली फक्त वजनावरून ओळखतात. याउलट तिला जातं पडलं तर ते दळणारच. खुंटा किती ढिला असावा, वैरण, म्हणजे दाण्यांची मूठ, किती टाकली की पीठ जाड येतं, जात्याला टाकी कधी लावावी लागते, हे तिच्या दंडाला ठाऊक आहे.

आता बघा सोन्याचं काय होतं. गावात शुद्ध सोनं कुणाच्या हाताला ठाऊक आहे? सोनाराच्या. बाकीच्यांना पिवळा रंग ठाऊक आहे. तेव्हा बाकीच्यांना पिवळं पडेल, सोनं पडणार नाही. ते कसोटीच्या दगडावर घासलं की कळेल. पंधराव्या नियमाची गरजच संपली. आणि तरीही सोनाराला मोहरांनी भरलेला हंडा पडलाच, तर हिशेब करा : दहा लिटरचा हंडा, नाण्यांमधली फट सोडून सहा लिटर धातू, एका लिटरला १९.३ किलो. शंभर किलोच्या वर वजन उशाशी कोसळलं तर खाट मोडेल आणि डोकं वाचलं तर नशीब. तो प्रसंग लिहाच, पण एकदाच.

बरं, सोनार रोज मोहरा पाडायला लागला तर? पडू द्या. १५४५ मध्ये आजच्या बोलिव्हियातल्या पोतोसीच्या डोंगरात चांदीचं घबाड लागलं. तिथली आणि मेक्सिकोतली चांदी स्पेनमध्ये ओतली गेली आणि पुढच्या काही दशकांत तिथल्या वस्तूंचे भाव चढत गेले. तुमच्या गावात तर दोन बाजारांत ज्वारीची पायली मोहरेला जाईल. ज्याच्याकडे ज्वारी आहे तो हसेल.

कागदाचंही असंच. स्वप्नात अक्षरं टिकत नाहीत. एकदा वाचून नजर हटवली आणि परत वाचलं की मजकूर बदललेला असतो. त्यामुळे पडलेलं पुस्तक, नोट, खरेदीखत कुचकामी. सावकाराला दुसऱ्याच्या जमिनीचं खत पडलं तरी चावडीवर दुसऱ्यांदा वाचताना नाव फिरणार. हा प्रसंग तुमच्याकडे नाही. तो असायला हवा. लोकांना सावकाराची फजिती आवडते.

आणखी एक बारकावा, चोरी किंवा संशयाच्या भागासाठी. दिवसा पाहिलेली गोष्ट त्याच रात्री स्वप्नात येते हे सगळ्यांना माहीत आहे. पण ती पाच ते सात दिवसांनी पुन्हा डोकावते असंही स्वप्नांच्या अभ्यासकांना आढळलं आहे. जत्रेत पाहिलेली पाटली पुढच्या आठवड्यात पडली, तर ती कुणाच्या हातावर पाहिली हे दिवस मोजून काढता येईल. गावात असे दिवस मोजणारा एक खडूस म्हातारा असू द्या.

वस्तूचं द्रव्य कुठून येतं, हे तुम्ही नियम नऊमध्ये दोन पानं समजावलंय. वाचकाला कारण नको असतं, परिणाम हवा असतो. सोयीचा परिणाम असा : ती खोलीतल्या हवेतून घडते. दहा बाय दहा बाय दहा फुटांच्या खोलीत साधारण ३४ किलो हवा मावते. तीन किलोची घागर पडली तर त्यातली अकरावा हिस्सा हवा एका क्षणात गेली. कोकणातून आंबोलीचा घाट चढताना कानात दडे बसतात, तसे झोपलेल्याच्या कानात बसतील आणि दाराच्या फटीतून शीळ वाजेल. म्हणजे शेजाऱ्याला अंथरुणात पडल्या पडल्या कळतं की पलीकडे काहीतरी पडलं, आणि शीळ किती वेळ वाजली त्यावरून किती जड तेही. सावकार दिंडी दरवाजाच्या फटी चिंध्यांनी बुजवून झोपतो, एवढं एक वाक्य लिहा. नियम नऊची दोन पानं सुटली.

शब्दाबद्दल. तुम्ही संस्कृतात शोधताय म्हणून सापडत नाही. मराठीत स्वप्न 'पडतं'. आपण वर मघापासून तेच क्रियापद वापरतोय आणि तुम्हाला अडलं नसेल. गावात सकाळी 'चहा झाला का' ऐवजी 'काय पडलं?' असं विचारतील. वस्तूला नाव हवंच असेल तर घडीवच्या जोडीला पडीव : घडीव घागर, पडीव घागर. पडीव माल अर्थातच पडेल भावाने जातो. रोजच्या वस्तूचं नाव लोक शक्यतो तीन अक्षरांच्या वर नेत नाहीत.

आता पहिलं प्रकरण. नियम समजावणारं पात्र काढून टाका आणि बाजारात जा. आपल्याकडे माठ घेताना बोटाने वाजवून बघतात. पडीव घागर कशी पारखतात ते दाखवलंत की दोन्ही नियम आत आले. साधारण असं :

'बाईने घागर उलटी केली. बूड होतं. हाताने आतून चाचपली, पाणी ओतून बघितली, गळत नव्हती. मग तिने ती कमरेवर घेतली आणि हसली. एका बाजूला तांबटाच्या ठोक्यांच्या रांगा एकीला एक लागून होत्या. दुसरी बाजू कोरी, आणि तिच्यात एक खळगा. दुसऱ्या कुणाच्या तरी कमरेचा. "डावखुरी होती व्हय ही?" बाईने विचारलं. विकणारी पोर काही बोलली नाही. "आणि पहाटेपर्यंत निजायला मिळतंय म्हण की घरात कुणाला तरी."'

शंभर शब्दही झाले नाहीत आणि वाचकाला वस्तू कशी असते, कुणाची असते, कुणाला पडते हे कळलं. तांबटकामातले ठोके म्हणजे मठार; नक्षी नव्हे, पत्रा कडक व्हावा म्हणून ते घालतात. पाहिले नसतील तर पुण्यात तांबट आळीत जाऊन एक सकाळ घालवा. असं काही स्वतः हाताळल्याशिवाय ही कादंबरी लिहिता येणार नाही. दुसरा नियम लेखकालाही लागू आहे, हे तुमच्या लोहाराच्या प्रकरणात फार दिसतं : त्याची भट्टी बाहेरून आहे, आतून बुजलेली.

जन्मांध पात्र घालायचा मोह होईल, कारण जन्मतः न दिसणाऱ्यांच्या स्वप्नांत चित्र नसतं. आवाज, स्पर्श, वास, चव असते. त्यांची पडीव वस्तू बोटांना अगदी नेमकी लागेल आणि रंगाचा मात्र पत्ता नसेल. कल्पना चांगली आहे. पण त्याला गावचा ऋषी करू नका. त्याला भाव करता येऊ द्या.

जागल्याबद्दल मात्र सावध. गावगाड्यात रात्रीची राखण ही हौसेची नोकरी नव्हती. ठरावीक जातींवर ती लादलेली होती आणि बदल्यात मिळे तो बलुत्याचा वाटा, तोही मिळाला तर. ते बाजूला ठेवून नुसता कंदील आणि काठी उचललीत तर चित्र खोटं होईल. उलट तुमच्या दुनियेत ही गोष्ट अजून धारदार होते : ज्यांच्या जागण्यावर गाव झोपतं त्यांनाच काही पडत नाही. पडीव मालातला वाटा त्यांनी मागितला तर? सावकाराने नाकारला आणि एक रात्र गस्तच झाली नाही, दर अर्ध्या तासाला कुणी ना कुणी दचकून उठलं, सकाळी साऱ्या गावात मिळून एक वाटी पडली नाही, तर? तुमचं चौथं ते सातवं प्रकरण सध्या रिकामं चाललंय, तिथे हे बसेल.

सावकाराला नुसता लोभी ठेवू नका, त्याच्या हातात जुनी परंपरा द्या. आपल्याकडच्या कथांत स्वप्नातून धन फार कमी वेळा येतं; येतं ते फेडायचं देणं. हरिश्चंद्राची गोष्ट आपण ऐकतो त्या रूपात त्याने राज्य स्वप्नात दिलं, आणि सकाळी विश्वामित्र दारात उभे. उषेला स्वप्नात अनिरुद्ध दिसला, पण तो आपोआप उशाशी आला नाही; चित्रलेखेला एकेक चित्र काढून ओळख पटवावी लागली आणि द्वारकेहून उचलून आणावा लागला, पुढे त्यापायी युद्ध झालं. तुकोबांना स्वप्नात नामदेव भेटले आणि त्यांनी काम सांगितलं. तुमचा सावकार एवढंच म्हणेल : स्वप्नात ज्याला दिलंत त्याला जागेपणी द्या. आणि लोक झोपेत त्याला काय काय देऊन बसतात याची तो वही ठेवेल. कर्जाच्या धास्तीत झोपलेल्या माणसाच्या स्वप्नात सावकार येणारच. वहीतली अक्षरं जागेपणी लिहिलेली, म्हणून ती बदलत नाहीत.

राहिला पूर. नायिकेने एका झोपेत पूर थांबवला तर दोन्ही नियम मोडतात : तिच्या हाताला बंधारा ठाऊक नाही, आणि पूर दारात असताना पहाटेपर्यंत झोपतं कोण? पूर थांबवू नका. गावाने, जागल्यासकट, आळीपाळीने जागून एका माणसाला उजाडेपर्यंत झोपू दिलं, आणि ते माणूस नायिका नसून तिची आई आहे, असं करून बघा. जातं त्या पहाटे नायिकेने ओढलेलं. आईच्या हाताला काय ठाऊक आहे? तुमच्या विसाव्या पानावर ती घायपाताचा वाख, म्हणजे पानांतला धागा, वळत बसलेली एका ओळीत दिसते आणि मग तुम्ही तिला विसरलात. तिला दोर पडेल. लांब, एकाही जागी कच्चा नसलेला, पीळ मोजून घेतलेला. पूर यायचा तसा येईल, घरं जातील, माणसं दोराला धरून पलीकडे निघतील. त्यासाठी तिचं दोर वळणं विसाव्या पानावर एका ओळीवरून अर्ध्या पानावर न्यावं लागेल : घायपाताची पानं पाण्यात कुजवणं, झोडून वाख काढणं, मांडीवर घासून सुतळी करणं, तिसऱ्या पदराला हात कसे अदलाबदल होतात. हे शिकून घ्या, वळून बघा.

तुम्ही ताजा कलममध्ये विचारलंय की शेवटी शब्दसूची द्यावी का. नको. पहिल्या प्रकरणातली चौदा नियमांची पानं मात्र फाडून टाकू नका. लिहिताना टेबलावर ठेवा, फक्त टाचणी वेगळी लावा.